नागपूरजवळच्या हिंगण्यात ‘युक्रेन’ घडेल का? युद्धातला ड्रोन उद्योग आणि आपली छोटी वर्कशॉपं

खरेदी_कक्ष (धागाकर्ता)

युक्रेनच्या ड्रोनची गोष्ट निघाली की गॅरेज, तळघर आणि स्वयंपाकघरातल्या टेबलावर डाग देणारे (सोल्डरिंग करणारे) लोक एवढंच आठवतं. जुलै २०२२ मध्ये तिथे ‘ड्रोनची सेना’ मोहीम सुरू झाली, तेव्हा देशी उत्पादक बोटांवर मोजण्याइतके होते. पुढे जे वाढलं त्याचं मूळ मला अगदी रुक्ष कारकुनी कामात दिसतं. २०२३ मध्ये ड्रोनच्या सुट्या भागांवरचं आयातशुल्क आणि व्हॅट काढला. सरकारी करारात उत्पादकाला २५ टक्क्यांपर्यंत नफा मान्य केला. त्याच वर्षी एप्रिलात ब्रेव्ह१ आलं, म्हणजे शोधक, लष्कर आणि अनुदान एका खिडकीवर. लष्करी तुकड्यांना स्वतः माल घ्यायची मुभा मिळाली. २०२५ मध्ये तर ऑनलाइन बाजारच उघडला. तुकडीने लक्ष्य मारल्याचा व्हिडिओ पाठवायचा, तपासणी झाली की गुण जमा, त्या गुणांवर पुढचे ड्रोन. कुणाचा माल चालतो हे निविदा समितीऐवजी वापरणारा सांगतो, तेही दिवसांत.

आता आपल्याकडे पाहा. अंबाझरीचा आयुध कारखाना, यंत्र इंडियाचं मुख्यालय, स्फोटकांचे परवाने देणाऱ्या पेसोचं मुख्यालय, सगळं नागपुरात. अमरावती रोडला बाजारगावकडे सोलर समूह. त्यांच्या इकॉनॉमिक एक्स्प्लोझिव्ह्जने नागास्त्र-१ या आत्मघाती ड्रोनच्या ४८० नगांच्या मागणीपैकी पहिले १२० जून २०२४ मध्ये लष्कराला दिले. ३० मार्च २०२५ ला तिथे मानवरहित विमानांसाठी १२५० मीटरच्या धावपट्टीचं उद्घाटन झालं. हे सगळं मोठ्यांचं. हिंगणा-बुटीबोरीच्या औद्योगिक वसाहतींतली पाच-दहा माणसांची शॉपं मात्र कुंपणावर बसून आहेत. माझं म्हणणं एवढंच की ५० नगांची ऑर्डर, पंधरा दिवसांत पैसे आणि पंधरा दिवसांत ‘इथे फसलं’ असा अभिप्राय मिळाला, तर ती उतरतील. त्यासाठी युद्ध लागत नाही.

पट्टी_आणि_तांबे

साहेब, उतरतील आणि चीनचे डबे उघडून स्क्रू पिळतील. तुम्ही खरेदीवर बोट ठेवलं, पण विकत काय घेणार ते पाहिलं नाही. एक मोटर उघडून पाहू.

सात इंची पंख्याच्या ड्रोनला साधारण २८०७ मोटर लागते, म्हणजे स्टेटरचा (तार गुंडाळलेल्या स्थिर लोखंडी गाभ्याचा) व्यास २८ मिमी, उंची ७ मिमी. १२ दाते, १४ चुंबकं. आपल्याकडे पंप आणि पंख्याच्या मोटरचं काम करणारे भरपूर आहेत, म्हणून ‘वाइंडिंग तर येतंच’ असं म्हणतात. पण त्या कामाची पत्ती (अशा पातळ पत्त्या रचून स्टेटर बनतो) सहसा ०.५ मिमीची असते, इथे ०.२ लागते. का? १४ चुंबकं म्हणजे ७ जोड्या. मोटर मिनिटाला २०,००० फेऱ्या घेत असेल तर लोखंडात चुंबकत्व सेकंदाला सुमारे २,३०० वेळा उलटसुलट होतं. भोवरा-प्रवाहाचा तोटा जाडीच्या वर्गाने वाढतो, म्हणजे ०.५ ची पत्ती घातली की सव्वासहापट. हातात धरवणार नाही इतकी मोटर दोन मिनिटांत तापते. ०.२ ची पत्ती कापायला डायमधली (कापायच्या साच्यातली) फट त्याच प्रमाणात बारीक लागते, नाहीतर कडेला बर (धारदार कंगोरा) उठतो. तो बर तारेचं इनॅमल खरवडतो आणि गुंडाळी स्टेटरला टेकते. बाकावर फिरवली तर चालते. भार आला, तापली, की जळते.

चुंबकं वेगळीच. साधं एन५२ ग्रेड ८० अंशांपर्यंतचं. एसएच ग्रेड १५० पर्यंत जातं, पण त्याला डिस्प्रोशियम किंवा टर्बियम लागतं. आपल्याकडे मे महिन्यात हवाच ४५ अंश, त्यावर मोटरची स्वतःची उष्णता. साधं चुंबक घातलं तर जोर कायमचा कमी होतो आणि दोष मात्र ईएससीवर (मोटरचा वेग सांभाळणाऱ्या सर्किटवर) जातो. ४ एप्रिल २०२५ ला चीनने या धातूंच्या आणि त्यांच्या चुंबकांच्या निर्यातीवर परवाने लावले, तेव्हा आपल्या वाहन उद्योगाची काय धावपळ झाली ते आठवा. एका ड्रोनला ५६ चुंबकं. गुणाकार तुम्हीच करा.

सावजी_तिखट

गुणाकार नंतर करू ना भाऊ, आधी गिऱ्हाईक दाखवा. ज्याचं उदाहरण देऊन राहिले त्याचंच पाहा. ऑक्टोबर २०२४ मध्ये झेलेन्स्की म्हणाले की वर्षाला ४० लाख ड्रोन बनवायची क्षमता आहे, करार झाले १५ लाखांचे. म्हणजे ऐन युद्धात अर्ध्याहून जास्त क्षमतेला सरकारजवळ पैसा नव्हता. त्यावर निर्यातही बंद. नियंत्रित निर्यात उघडायची घोषणा व्हायला २०२५ चा सप्टेंबर उजाडला. तिथल्या कंपन्याच ओरडून राहिल्या की यंत्रं आहेत, माणसं आहेत, ऑर्डर नाही.

शत्रू दारात असताना ही गत. अन् हिंगण्यातल्या माणसानं शांततेत यंत्र घ्यायचं काहून? बँकेचा हप्ता पंधरा दिवस थांबत नाही बाप्पा.

खरेदी_कक्ष

@सावजी, ते आकडे माझ्याच बाजूने बोलतात. क्षमता आधी उभी राहिली, पैसा कमी पडला. म्हणजे छोट्या उत्पादकाला दार उघडलं की तो येतो.

@पट्टी, मोटरचं मान्य. पण आपल्या धोरणाचा क्रम पाहा. ९ फेब्रुवारी २०२२ ला तयार ड्रोनची आयात बंद झाली, सुट्या भागांची खुली राहिली. उत्पादन-प्रोत्साहन योजना १२० कोटींची, तीन वर्षांसाठी, मूल्यवर्धनाच्या २० टक्के. अशा वेळी जुळणीच करणं शहाणपणाचं होतं, लोकांनी तेच केलं. आधी जुळणी, मग सर्किटच्या पाट्या, मग मोटर. युक्रेनही त्याच पायऱ्यांनी चढला. आधी पुरी चिनी किट्स, नंतर देशी फ्रेम, अँटेना, नियंत्रक पाट्या, मोटर.

पट्टी_आणि_तांबे

तो चढला कारण खालची पायरी काढून घेतली गेली. एप्रिल २०२२ मध्ये डीजेआय या चिनी ड्रोन कंपनीने रशिया आणि युक्रेन दोन्हीकडची विक्री थांबवली, १ सप्टेंबर २०२३ पासून चीनने काही ड्रोन आणि भागांवर निर्यातबंधनं आणली. आपल्या वर्कशॉपला चिनी मोटर आजही चार दिवसांत मिळते, इथल्या मोटरहून स्वस्त. मग पायरी चढायची कशाला? आणि जुळणीवर थांबलं की काय होतं तेही झालंय. फेब्रुवारी २०२५ मध्ये लष्कराने ४०० मालवाहू ड्रोनचे करार चिनी भागांच्या कारणाने रद्द केले.

झाल_आणि_फ्लक्स

दोघंही जुळणीला हलकं समजताय. ‘स्क्रू पिळणं’ म्हणणाऱ्याने शंभर नगांपैकी किती पहिल्या झटक्यात उडतात ते मोजून पाहावं.

बॅटरीची जाड तार ईएससीच्या ऋण पॅडवर लावायची असते. त्या पॅडखाली तांब्याचा मोठा थर असतो, तो उष्णता ओढून घेतो. २५ वॅटच्या इस्त्रीने वरून झाल चमकते, आत धरत नाही. छिन्नीसारखं टोक आणि ८० वॅटच्या आसपासची इस्त्री हवी. दुसरं, बॅटरीच्या टोकांवर १००० मायक्रोफॅरड, ३५ व्होल्टचा कमी रोधाचा कपॅसिटर. सहा सेलचा पॅक भरला की २५.२ व्होल्ट असतो. मोटर एकदम मंदावली की उलटा झटका त्याहून वर जातो आणि ईएससीतलं मॉसफेट (प्रवाह चालू-बंद करणारा स्विच) फुटतं. पैसे वाचवायला हाच कपॅसिटर पहिला गाळला जातो, किंवा लांब तारांवर लोंबवला जातो. मग त्याचा अर्धा उपयोग तारेतच जातो.

पॅकचं तर विचारूच नका. २१७०० सेल, सहा मालिकेत, दोन समांतर, एकूण १२. सेल साधारण ७० ग्रॅमचा, म्हणजे पट्ट्या सोडून ८४० ग्रॅम. लोक क्षमता मोजून जोड्या लावतात, अंतर्गत रोध मोजत नाहीत. उड्डाणात पडद्यावर २० व्होल्ट दिसतात, सगळं ठीक वाटतं. आत पाच गट ३.४५ वर असतात आणि सहावा २.७५ वर. पुढच्या चढाला तो कोसळतो आणि ड्रोन खाली. शिवाय बहुतेक लिथियम-आयन सेल चार्ज करायची मर्यादा ४५ अंश. आपल्याकडे मे महिन्यात ती सावलीतच गाठते, पत्र्याच्या शेडबद्दल बोलायलाच नको. युक्रेनमध्ये थंडीने पॅक मान टाकतो, इथे उन्हाने. तिथली रेसिपी जशीच्या तशी इथे लागत नाही.

ही शिस्त आली की माणूस मोटरकडे वळतो. म्हणून क्रमाबाबत मी खरेदी_कक्षासोबत, घाईबाबत नाही. ५० नग पंधरा दिवसांत घ्यायचे तर तपासणी कोण करणार? तिथे तुकड्यांकडे आलेला माल पुष्कळदा तुकडीच्या वर्कशॉपमध्ये पुन्हा उघडला जातो, रेडिओ बदलतात, अँटेना बदलतात, डाग पक्के करतात. आपल्या यंत्रणेत ते करायला माणूस नेमलेला नाही.

चारशे_फूट

उडवून कुठे पाहणार तेही ठरवा. नागपूरचं मिहान विमानतळाला लागून. नियमाप्रमाणे विमानतळाच्या हद्दीपासून ५ ते ८ किमी पूर्ण पिवळा पट्टा (परवानगीशिवाय उडवायचं नाही), ८ ते १२ किमीत २०० फुटांच्या वर पिवळा. हिरव्या (परवानगी न लागणाऱ्या) क्षेत्रात ४०० फूट. संशोधनासाठी प्रकार-प्रमाणपत्राची (मॉडेलच्या मंजुरीची) सूट आहे, पण हिरव्या क्षेत्रात आणि स्वतःच्या ताब्यातल्या जागेवरच. बुटीबोरी त्या मानाने बरी. सरकारच्या डिजिटल स्कायचा नकाशा पाहिल्याशिवाय शेड भाड्याने घेऊ नका.

एकच_साचा

सगळे युक्रेनलाच धरून बसलेत. समोरच्या बाजूने काय केलं? रशियाने इराणचं शाहेद-१३६ हे आदळून फुटणारं ड्रोन घेतलं, गेरान-२ नाव दिलं आणि तातारस्तानात येलाबुगाच्या अलाबुगा क्षेत्रात एका जागी, एका साच्यातून काढायला सुरुवात केली. ना गुणांचा बाजार, ना गॅरेज. थोडी मॉडेलं, अफाट संख्या. ते चाललं हे युक्रेनच्या शहरांना विचारा.

छोट्यांच्या गर्दीची किंमतही मोजा. शेकडो मॉडेलं, एकाची बॅटरी दुसऱ्याला बसत नाही, एकाचा कंट्रोलर दुसऱ्याशी बोलत नाही. युक्रेनचेच लोक त्याला ‘प्राणिसंग्रहालय’ म्हणतात. आपल्या पुरवठा विभागाला असं प्राणिसंग्रहालय दिलंत तर सुट्या भागांची यादीच कुणी वाचणार नाही. सोलरसारख्या एका मोठ्या घराला ऑर्डर द्यावी, छोट्यांनी त्याच्या ड्रॉइंगप्रमाणे भाग द्यावेत.

खरेदी_कक्ष

गेरान दूरवर जाऊन शहरावर, वीजकेंद्रावर पडतं. ते जागचं लक्ष्य, त्यामुळे साचा वर्षभर टिकतो, आणि त्यातही रशिया सुधारणा करतच असतो. आघाडीवरच्या लहान ड्रोनचं तसं नसतं. ८६८-९१५ मेगाहर्ट्झवर जॅमर आला की रेडिओ दुसऱ्या पट्ट्यात न्यायचा, तिथेही आला की पुन्हा. २०२४ मध्ये रेडिओच नको म्हणून ड्रोनमागे उलगडत जाणाऱ्या ऑप्टिकल फायबरची रीळ आली, तीही आधी रशियानेच मोठ्या प्रमाणावर वापरली. मालाचं आयुष्य काही महिने, कधी काही आठवडे. एका घराच्या ड्रॉइंगला मंजुरी मिळेपर्यंत तो पट्टा मेलेला असतो.

फायबर मात्र असा भाग आहे की जो आपल्या राज्यातच ओढला जातो, छत्रपती संभाजीनगरला. त्याची रीळ एकसारख्या ताणाने गुंडाळायचं यंत्र हिंगण्यात होऊ शकतं. ताण कमी-जास्त झाला की वेटोळं अडकतं आणि फायबर तुटतं, सगळी कसब तिथेच.

सावजी_तिखट

पुन्हा तेच. यंत्र होऊ शकते, गिऱ्हाईक? जून २०२५ मध्ये संरक्षण मंत्रालयानं तातडीच्या खरेदीत १३ करार केले, सुमारे १,९८२ कोटींचे. ऑपरेशन सिंदूरनंतर, म्हणजे घाबरल्यावर. दोन वर्षांनी तो माणूस जिल्हा उद्योग केंद्राच्या पायऱ्यांवर बसलेला दिसेल.

त्यापेक्षा फवारणीचे ड्रोन करा म्हणतो मी. केंद्राच्या ड्रोन दीदी योजनेत १५,००० ड्रोन, १,२६१ कोटी, बचत गटाला ८० टक्के अनुदान, कमाल ८ लाख. सप्टेंबर २०२५ पासून जीएसटीही ५ टक्क्यांवर. कपाशी आहे, संत्रा आहे. मोसमात मोटर जळल्या तर दुरुस्तीचा धंदा वेगळा. दर वर्षी येणारं गिऱ्हाईक आहे ते.

पट्टी_आणि_तांबे

@सावजी, पहिल्यांदा तुमच्याशी जुळलं, पण अर्धंच. फवारणीच्या मोटरचा घेर मोठा, फेऱ्या कमी, पंखा ३० इंचांच्या घरात. त्याची डाय २८०७ ला उपयोगी नाही. उपयोगी काय पडतं? बारीक पत्ती कापायचा हात, वाइंडिंगचं सीएनसी यंत्र, चुंबक चिकटवून भट्टीत एपॉक्सी पकवायची शिस्त आणि बेलचं (बाहेरच्या फिरत्या वाटीचं) संतुलन. ते चारही एकदा बसले की नवी डाय हा फक्त पैशाचा प्रश्न.

चुंबक तेवढं इथून सुटणार नाही. त्यासाठी नोव्हेंबर २०२५ मध्ये केंद्राने ७,२८० कोटींची योजना मंजूर केली, वर्षाला ६,००० टन. माल हातात येईपर्यंत साठा करूनच काम.

@खरेदी_कक्ष, तुमच्या ५० नगांच्या ऑर्डरमध्ये एक अट घाला, मग मी विरोध सोडतो. किमान मोटरचा स्टेटर इथे कापलेला आणि इथे गुंडाळलेला हवा, आणि दर एल१ ने (सर्वात कमी बोलीने) ठरणार नाही.

खरेदी_कक्ष

एल१ काढून टाकायला सांगताय म्हणजे ऑर्डरच काढून टाकायला सांगताय. स्टेटरची अट घालतो. दोन दरांची पद्धत लावू: चिनी स्टेटरचा एक, इथल्या स्टेटरचा दुसरा, आणि एल१ त्या-त्या गटातच.

झाल_आणि_फ्लक्स

आणि ‘इथला’ स्टेटर इथलाच आहे हे ओळखणार कसं? पाटी खरवडून शिक्का मारणारे आजच तयार बसलेत.

पट्टी_आणि_तांबे

डायची खूण पत्तीच्या कडेवर येते, प्रत्येक डायची वेगळी. पहिल्या दहा पत्त्या सीलबंद जमा करून घ्या, नंतर कुठलीही मोटर उघडून भिंगाखाली ताडून पाहा. भिंग सीताबर्डीत मिळतं.