अलास्काची राजधानी: 1974 चा कौल खरा की 1982 चा?

दर्यावर्दी:
अलास्काची राजधानी जूनो. बाहेरून तिथे जायला रस्ताच नाही. विमान, नाहीतर बोट. 1974 साली लोकांनी राजधानी हलवा म्हणून कौल दिला, 1976 साली अँकरेज या राज्यातल्या सर्वांत मोठ्या शहराच्या उत्तरेचं विलो निवडलं. 1982 साली 280 कोटी डॉलरचा खर्च समोर आला, तेव्हा मात्र नकार. माझ्या मते 1982 चाच कौल खरा. राज्याची वस्ती तेव्हा जेमतेम साडेचार लाख. तान्ह्या बाळासकट माणशी 6,000 डॉलरहून जास्त! भाव न विचारता घेतलेल्या होकाराला काय अर्थ?

उत्तरवारा:
अजिबात पटलं नाही. अँकरेजला सहा वर्षं काढली आहेत मी. एका परवान्याच्या सुनावणीला जूनोला निघालो होतो. विमान ढगांत शिरलं, क्षणभर खाली काळं पाणी दिसलं आणि वैमानिकाने ते पुन्हा वर घेतलं. उतरवलं कुठे, तर सिटकाला. 1906 साली राजधानी जिथून जूनोला आली तिथेच. सुनावणी आमच्यावाचून उरकली. हा खर्च कोणी धरला होता?

संत्रानगरी:
मी जूनोच्या बाजूने. आमच्या नागपूरची राजधानी 1956 साली गेली, आम्हाला मत कोणी विचारलं नव्हतं. आजोबा सचिवालयात कारकून. बरोबरीचे काही भोपाळला गेले, हे मुंबईला. खोली एवढीशी, म्हणून पितळी बंब इथेच राहिला. अजून अंगणात आहे. जूनोत तर गावाचं पोटच सरकारी नोकऱ्यांवर.

उत्तरवारा:
ताई, बंबाचं वाचून वाईट वाटलं. पण एका गावाच्या पोटासाठी बाकी राज्याने किती वर्षं 900 किलोमीटर उडत जायचं?

दर्यावर्दी:
पण खर्च आधी सांगा, ही अट लोकांनीच 1978 साली मतदानाने घातली होती. त्याच वर्षी नव्या राजधानीसाठीचं 96.6 कोटी डॉलरचं कर्जही त्यांनीच नाकारलं. तुमचा मुद्दा मात्र मान्य: जूनोतच राहण्याचा खर्चही शेजारी मांडायला हवा होता.

उत्तरवारा:
तेवढंच म्हणतोय. 1994 साली राजधानीसाठी अँकरेजजवळच्या वसिलाचं नाव आलं, तेही पडलं. हरलो हे कबूल. पण निदान सुनावण्या तरी अँकरेजला घ्या.

संत्रानगरी:
याला माझा पूर्ण पाठिंबा.