जागेचा दावा कोर्टात चालू आहे, अन्न नोंदणी माझ्या नावावर होईल का?

वाड्यातली सून
नमस्कार. पुण्यात सदाशिव पेठेत एका जुन्या वाड्याच्या तळमजल्यावर आमचं पोळी-भाजी केंद्र आहे. जागा पागडीची, सासऱ्यांच्या नावावर. ते असल्यापासून पोळपाट माझ्याच हातात आहे, हाताखाली तीन बायका आहेत. सासरे गेले आणि मालकांनी "भाडेकरू गेला, हक्क संपला" म्हणून लघुवाद न्यायालयात जागा खाली करून मागण्याचा दावा लावला. मनाई हुकूम नाही, तारखा पडताहेत. भाड्याची मनीऑर्डर "घेण्यास नकार" असा शेरा होऊन परत येते.
अन्न नोंदणी सासऱ्यांच्या नावावर होती, ती माझ्या नावावर करायची आहे. कार्यालयात तोंडी सांगतात, "मालकाचं ना हरकत पत्र आणा, नाहीतर निकाल आणा." मालक पत्र देणार नाहीत आणि निकालाला किती वर्षं लागतील कोण जाणे. तीन घरं या दुकानावर चालतात हो. काय करू?

कोर्टाजवळचा
ताई, सगळ्यात आधी मुदत बघा. नोंदणीधारक वारला तर ती वारसांसाठी 90 दिवस चालू राहते, तेवढ्यात हस्तांतराचा अर्ज जायला हवा. अर्ज ऑनलाइन भरा, तोंडी उत्तरावर परत फिरू नका. अन्न परवाना-नोंदणीच्या 2011 च्या विनियमांप्रमाणे तुमचं म्हणणं ऐकल्याशिवाय आणि कारण लेखी नोंदवल्याशिवाय नोंदणी नाकारता येत नाही.
जागा कोणाची हे कोर्ट ठरवेल, ते काम परवाना देणाऱ्याचं नाही. त्याला तुमचा ताबा दाखवा: जुन्या भाडेपावत्या, वीजबिल, परत आलेल्या मनीऑर्डरी. आणि दाव्याची प्रत जोडाच. लोक ती लपवतात, पण "दुकान खाली करून द्या" असं मालकांनीच त्यात लिहिलंय. म्हणजे ताबा तुमच्याकडे आहे हे त्यांनाच मान्य आहे!

गिरणीवाला, सातारा
थोडं सबुरीनं घ्या. मद्रासकडच्या एका सिनेमागृहाच्या परवान्याच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं 1973 साली सांगितलंय की नुसता ताबा म्हणजे कायदेशीर ताबा नव्हे. तिथं भाडेपट्ट्याची मुदत संपली होती आणि मालकाची संमती नव्हती.

कोर्टाजवळचा
बरोबर, पण तिथल्या नियमातच कायदेशीर ताबा दाखवण्याची अट होती. इथे महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम 1999 बघा. कलम 7(15) नुसार, धंद्याच्या जागेत भाडेकरूच्या मृत्यूच्या वेळी त्याच्यासोबत तिथे धंदा करणारा कुटुंबीय भाडेकरू ठरू शकतो. ताई, तेव्हा तुम्ही दुकानात काम करत होता याचे कागद जमवा. किराणा, गॅस, जे तुमच्या नावे असेल ते सगळं. ते अर्जालाही लागेल आणि दाव्यातही.
आणि गुमास्त्यावर, म्हणजे दुकानाच्या नोंदीच्या कागदावर, विसंबू नका. दुकानांच्या 2017 च्या कायद्यात तुमच्यासारखे मोजके कामगार असले की नुसती सूचना द्यायची असते. ती पावती जागेचा हक्क देत नाही.

वाड्यातली सून
खूप आभार. प्रत काढून वाचली. चौथ्या परिच्छेदात चक्क लिहिलंय, "प्रतिवादी सदर गाळ्यात खाद्यपदार्थांचा व्यवसाय करीत आहेत." गॅसचं कार्डही माझ्याच नावावर निघालं. आज अर्ज भरते.
पण मालकांचा मुलगा म्हणतो, "पाणी तोडीन, कुलूप लावीन." त्याचं काय?

कोर्टाजवळचा
पाणी, वीज तोडली तर भाडे नियंत्रण कायद्याच्याच कलम 29 खाली कोर्टात अर्ज करता येतो. कुलूप लावलंच तर विशिष्ट अनुतोष अधिनियमाच्या कलम 6 खाली सहा महिन्यांच्या आत ताबा परत मिळवण्याचा दावा. पण तोवर थांबू नका. धमकीची लेखी तक्रार आजच पोलीस चौकीत द्या, पोच घ्या, आणि वकिलांना सांगून चालू दाव्यातच मनाई मागा.