वैशाखात घरी पिकवलेली केळी मऊ होतात, पण पिवळी का होत नाहीत?

प्रश्न – दांडियाबाजारकर, वडोदरा

नमस्कार. आमच्याकडे दर वैशाखात सत्यनारायणाची पूजा असते आणि तिच्यासाठी नर्मदाकाठच्या एका शेतातून केळीचा कच्चा घड येतो. फण्या सुट्या करून त्या गोणपाटाखाली झाकून ठेवण्याची घरची जुनी पद्धत आहे. थंडीच्या दिवसांत याच पद्धतीने केळी सुरेख पिवळी होतात. उन्हाळ्यात मात्र गर मऊ आणि गोड होतो, साल हिरवटच राहते, आणि एक-दोन दिवसांत ती हिरवटपणातूनच काळपट होऊ लागते. नैवेद्याच्या ताटात अशी केळी ठेवणे कोणालाच रुचत नाही.

त्याच आठवड्यात खंडेराव मार्केटात मिळणारी केळी मात्र एकसारखी पिवळी असतात, फक्त देठाशी थोडी हिरवी. देठ हिरवा आणि बाकीचे केळे पिवळे असेल, तर ते कार्बाइडने पिकवलेले समजावे, असे आमच्या घरातील ज्येष्ठांचे ठाम मत आहे. हे खरे आहे का? आणि घरी आलेला घड उन्हाळ्यात नीट पिवळा करण्याचा काही मार्ग आहे का?

उत्तर १ – अन्नशास्त्राचा निवृत्त अध्यापक, वडोदरा

आपले निरीक्षण अचूक आहे आणि त्याचे कारण शास्त्राला चांगले ठाऊक आहे. केळे पिकते म्हणजे एकाच वेळी अनेक स्वतंत्र क्रिया घडतात. कच्च्या केळ्याच्या गरात वजनाच्या सुमारे २० ते २५ टक्के पिष्ट असते; पिकताना त्याची साखर होते आणि पूर्ण पिकलेल्या केळ्यात पिष्ट एक-दोन टक्क्यांवर येते. पेशीभित्तिका सैल होऊन गर मऊ होतो, टॅनिनचे रेणू एकमेकांना जोडले जाऊन तुरटपणा जातो, आणि आयसोअमाइल ॲसिटेटसारख्या संयुगांमुळे ओळखीचा सुगंध येतो. सालीचा रंग बदलणे ही या सर्वांपेक्षा वेगळी क्रिया आहे. पिवळे रंगद्रव्य सालीत आधीपासूनच असते. हरितद्रव्याचा ऱ्हास झाला की ते दिसू लागते.

बाजारात सर्वत्र दिसणारे ग्रँड नैन हे कॅव्हेंडिश गटातील वाण आहे, आणि या गटात तापमान साधारण २४ अंश सेल्सिअसच्या वर गेले की हरितद्रव्याचा ऱ्हास मंदावतो. गर मऊ होण्याची क्रिया मात्र उष्णतेने उलट वेगाने होते. वैशाखात वडोदऱ्याचा पारा चाळिशीच्या वर जातो, आणि पिकणारे केळे स्वतःही श्वसनामुळे उष्णता बाहेर टाकते. ती उष्णता गोणपाटाखाली कोंडली जाते. म्हणून आपली केळी आतून पिकतात आणि बाहेरून हिरवी राहतात. ती खाण्यास पूर्णपणे योग्य असतात, एवढे आवर्जून सांगतो.

पिकण्याची सुरुवात इथिलीन वायूने होते. केळे तो स्वतः तयार करते आणि थोडा इथिलीन मिळाला की आणखी तयार करू लागते. एका पिकलेल्या फणीमुळे शेजारची फणी पिकते ती यामुळेच. १९०१ मध्ये रशियन शास्त्रज्ञ नेल्युबोव यांनी दिव्याच्या वायूतील इथिलीन वाटाण्याच्या रोपांची वाढ बदलतो हे दाखवले, आणि १९३४ मध्ये गेन यांनी सफरचंदे स्वतःच हा वायू सोडतात हे सिद्ध केले. धुराने केळी पिकवण्याची आपली जुनी पद्धतही अपुऱ्या ज्वलनातून निघणाऱ्या इथिलीनवरच चालत असे. त्या पद्धतीतला दोष हा की धुराबरोबर उष्णताही वाढते.

कार्बाइडबद्दल ज्येष्ठांना वाटणारी काळजी रास्त आहे, पण त्यांची कसोटी बरोबर नाही. पिवळे केळे आणि हिरवी टोके ही नियंत्रित पद्धतीने पिकवलेल्या केळ्याची अगदी नेहमीची अवस्था आहे. व्यापारी रंगाच्या सात पायऱ्या मानतात आणि ही त्यांतील पाचवी आहे. घरी नेल्यावर एक-दोन दिवस टिकावे म्हणून दुकानदार माल याच सुमारास विक्रीला ठेवतात.

उत्तर २ – केळीची वखार चालवणारा, वडोदरा

सरांनी शास्त्र सांगितले आहे. मी फक्त खोलीच्या आत काय चालते ते लिहितो, कारण ग्राहकांच्या मनात ‘गॅसवर पिकवलेली’ या शब्दांची विनाकारण भीती बसली आहे.

माल आल्यावर प्रथम आम्ही गराचे तापमान पाहतो. हवेचे तापमान १८ अंश दिसत असले तरी पेटीच्या मध्यभागी असलेल्या केळ्याचा गर बराच गरम असू शकतो, म्हणून तापमापीची सळई केळ्यातच घालावी लागते. गर १६ ते १८ अंशांवर आला की इथिलीन सोडला जातो, आणि त्याचे प्रमाण हवेच्या दहा लाख भागांत १०० भागांपर्यंत, म्हणजे ०.०१ टक्का एवढेच असते. नियमानेही हीच कमाल मर्यादा आहे. २४ ते ४८ तासांनंतर वायूचे काम संपते, कारण तोवर केळी स्वतः इथिलीन तयार करू लागलेली असतात. त्यानंतरचे सगळे काम तापमानाचे. १८ अंशांवर माल साधारण चार दिवसांत तयार होतो, १४ अंशांवर आठवडाभर लागतो, आणि मागणीप्रमाणे आम्ही ही गती कमी-जास्त करतो.

दोन गोष्टींकडे दुर्लक्ष झाले की माल बिघडतो. खोलीतील आर्द्रता ९० टक्क्यांच्या आसपास नसेल तर साल सुकते आणि प्रत्येक घासलेली जागा काळी दिसू लागते. कार्बन डायऑक्साइड एक टक्क्याच्या वर साठला तर इथिलीनचा परिणामच मंदावतो, त्यामुळे खोली ठरावीक वेळाने उघडून हवा बदलावी लागते.

कार्बाइडला २०११ च्या अन्नसुरक्षा विनियमांत स्पष्ट बंदी आहे. ओलाव्याशी त्याचा संयोग होऊन ॲसिटिलीन निघतो, तो इथिलीनपेक्षा पुष्कळ दुर्बल असतो, आणि बाजारातील कार्बाइडमध्ये आर्सेनिक व फॉस्फरसची संयुगे मिसळलेली असतात. ज्या व्यवसायात काही रुपयांची बचत करण्यासाठी लहान मुलांच्या खाण्यात असे काही जाऊ शकते, तेथे ग्राहकाने पिकवण्याची पद्धत विचारलीच पाहिजे, आणि विक्रेत्यानेही न चिडता उत्तर दिले पाहिजे.

उत्तर ३ – रावेरचा केळी उत्पादक (मुलगी वडोदऱ्यास दिली आहे)

पिकवण्याइतकेच महत्त्व कापणीला आहे, ते या चर्चेत राहून गेले. घडातल्या वरच्या फण्या आधी आलेल्या असतात आणि खालच्या नंतर, त्यामुळे एकाच घडातील केळ्यांचे वय सारखे नसते. केळ्याच्या अंगावरचे कंगोरे स्पष्ट दिसत असतील तर ते अजून कोवळे आहे. कंगोरे बुजून केळे गोलसर झाले म्हणजे ते भरले. दूरच्या बाजारासाठी आम्ही साधारण तीन-चतुर्थांश भरलेला माल काढतो. आपल्याला घरीच पिकवायचे असेल, तर पूर्ण भरलेला घड मागून घ्यावा आणि खालच्या एक-दोन फण्या वेगळ्या ठेवाव्यात.

घड जमिनीवर आपटू नये, ही विनंती. कच्च्या केळ्याला बसलेला मार दिसत नाही आणि पिकल्यावर तेथेच काळा डाग उमटतो. फणी धारदार, स्वच्छ सुरीने कापावी, कारण देठाकडची कुज बुरशीमुळे होते आणि ती या ताज्या जखमेतूनच आत शिरते. कापल्यावर वाहणारा चीक सालीवर वाळू न देता तुरटीच्या पाण्याने धुऊन टाकावा.

दांडियाबाजारकर

तिघांचेही मनापासून आभार. आमच्याकडे एका खोलीत वातानुकूलन यंत्र आहे. तेथे केळी ठेवली तर चालेल का? आणि घाई नसेल तेव्हा कच्ची फणी फ्रीजमध्ये ठेवावी का?

अन्नशास्त्राचा निवृत्त अध्यापक

खोली अवश्य वापरावी. फण्या कागद अंथरलेल्या खोक्यात एका थरात ठेवून त्यांच्याबरोबर दोन-तीन पूर्ण पिकलेली केळी किंवा एखादे सफरचंद ठेवावे, झाकण सैल लावावे आणि तापमान २० अंशांच्या आसपास राखावे. एक-दोन दिवसांनी सालीचा हिरवेपणा फिका होऊ लागला की झाकण काढून केळी मोकळी करावीत, म्हणजे उष्णता आणि कार्बन डायऑक्साइड दोन्ही निघून जातील. वाऱ्याचा झोत थेट केळ्यांवर येऊ देऊ नये. पूजेच्या पाच-सहा दिवस आधी सुरुवात करावी. केळी लवकर पिवळी झाली तर तापमान दोन-तीन अंशांनी उतरवावे.

कच्चे केळे फ्रीजमध्ये ठेवू नये. सुमारे १३ अंशांच्या खाली त्याला थंडीची इजा होते, सालीखालच्या शिरा तपकिरी पडतात, आणि बाहेर काढल्यावरही ते नीट पिकत नाही. पूर्ण पिकलेले केळे मात्र दोन-तीन दिवस फ्रीजमध्ये ठेवण्यास हरकत नाही. त्याची साल काळी पडेल, पण आतला गर चांगला राहील. नैवेद्याला नको असेल तर शिकरणासाठी वापरावे.