विषय: पाकीट गेलं, दोन्ही लायसन्स त्यात (तातडीचं)

प्रेषक: ताई (सध्या परळ)

नमस्कार मंडळी,

काल संध्याकाळी दादर-ठाणे लोकलमध्ये पर्समधलं पाकीट गेलं. न्यू जर्सीचं लायसन्स, इथलं लायसन्स, पॅन, आधारची झेरॉक्स आणि बँकेची कार्डं त्यात होती. पासपोर्ट आणि ग्रीन कार्ड घरी कपाटात आहेत. कार्डं रात्रीच बंद केली.

अडलंय ते वेगळ्याच ठिकाणी. इथल्या लायसन्सची दुय्यम प्रत काढायला सारथी या सरकारच्या लायसन्सच्या साइटवर गेले, तर ओटीपी माझ्या जुन्या नंबरवर जातो. तो नंबर बंद होऊन बरीच वर्षं झाली. आधारलाही तोच जोडलेला आहे. त्यावर फोन केला तर नाशिकचे एक गृहस्थ बोलले, अगदी सज्जन वाटले. बाबांना डायलिसिसला मीच गाडीने नेते, म्हणून घाई आहे.

दुसरं म्हणजे, चौकीत विचारलं की कोणी पाकीट काढताना पाहिलंत का. मी नाही म्हणाले, म्हणून गहाळ झाल्याची नोंद मिळाली, चोरीची नाही. जर्सीत ही चालते का? अप्पा, गणपतीच्या सुमाराला तुम्ही एकाला यात मदत केली होती ना?

ताई

---

प्रेषक: बंडू (ठाणे)

ताई, त्या नाशिकच्या काकांना सरळ सांग की ओटीपी वाचून दाखवा. माझ्या मेव्हण्याने असंच केलं होतं, काम झालं. पाच मिनिटांचा प्रश्न आहे, आरटीओत कशाला खेपा घालतेस?

---

प्रेषक: अप्पा (पार्ले)

ताई, बंडूचं ऐकू नकोस. बंडू, राग मानू नकोस, पण हे आपल्या मंडळाच्या ई-मेल यादीवर लिहून ठेवलंस म्हणून इथेच उत्तर देतो. उद्या दुसरं कोणी ते वाचून तसंच करेल.

आधारला जोडलेल्या नंबरवर येणारा ओटीपी फक्त लायसन्सचा नसतो. त्याच नंबरवर डिजिलॉकर उघडतं, पॅनचं बरंच काम होतं, खाती उघडतात. त्या गृहस्थांना आज काही माहीत नाही. तू फोन करून ओटीपी मागितलास की त्यांना कळेल, आपल्या हातातला नंबर कुणाच्या तरी आधारची किल्ली आहे. ते सज्जन असतील, त्यांच्या घरातले सगळे असतील का? शिवाय ते नाही म्हणाले तर त्यांचंच बरोबर. सगळ्या बँका, पोलीस, रिझर्व्ह बँक रोज सांगतात की ओटीपी कुणाला देऊ नका. अनोळखी बाईने फोनवर मागितला तर त्यांनी द्यावाच का?

बंद झालेला नंबर कंपनी ९० दिवसांनंतर दुसऱ्याला देऊ शकते. परदेशात राहणाऱ्या आपल्या लोकांच्या बाबतीत हा धोका पाकिटापेक्षा मोठा आहे. पाकीट गेलं हे निदान कळतं, नंबर गेला हे वर्षानुवर्षं कळत नाही.

म्हणून आधी नंबर, मग कागद. आधार सेवा केंद्रात स्वतः जा, बोटांचे ठसे देऊन तुझा आत्ताचा इथला नंबर जोडून घे. यासाठी कागद लागत नाही, माणूस लागतो. नंबर बदलला की एम-आधार ॲपमधून बायोमेट्रिक (ठसे, बुबुळं) लॉक करून टाक. अडचण आली तर आधारच्या १९४७ या हेल्पलाइनवर फोन कर. आणि झेरॉक्स गेली म्हणून एवढी घाबरू नकोस. आधारचा नुसता नंबर माहीत असून ठसे किंवा ओटीपीशिवाय फारसं काही करता येत नाही. पण यापुढे देशील ती झाकलेली प्रत दे, जिच्यावर शेवटचे चारच आकडे दिसतात.

दुय्यम लायसन्सचं म्हणशील तर आधार प्रमाणीकरण झालं की हे काम आरटीओत न जाता होतं, २०२१ पासून ती सोय आहे. तुझं लायसन्स एमएच-०१ चं, म्हणजे ताडदेव. आधारचं जमेना तर अर्ज भरून, वेळ घेऊन ताडदेवला जायचं, सोबत गहाळ नोंदीची प्रत. लायसन्स नंबर तोच राहील.

आणि डायलिसिसला नेण्यापुरतं: डिजिलॉकरमधलं लायसन्स पोलिसांना मूळ प्रतीसारखंच मानावं लागतं, २०१८ पासून. म्हणजे डिजिलॉकर उघडलं की कार्ड हातात यायच्या आधीच तुझी अडचण सुटते. तोवर बाबांना टॅक्सीने ने.

अप्पा

---

प्रेषक: भाऊ (एडिसन)

अप्पांनी मुंबईचं सांगितलं, जर्सीचं मी सांगतो. ताई, आधी क्रेडिट फ्रीझ कर. इक्विफॅक्स, एक्सपीरियन, ट्रान्सयुनियन या तिन्ही क्रेडिट ब्युरोंकडे वेगवेगळं करावं लागतं. फुकट आहे, २०१८ च्या सप्टेंबरपासून. ऑनलाइन किंवा फोनवर केलंस तर एका कामाच्या दिवसात लागतं, उठवायला तासभर. यासाठी कोणाचीच नोंद दाखवावी लागत नाही, ना गहाळ, ना चोरी.

फ्रॉड अलर्ट वेगळा. तो एका ब्युरोला सांगितला की ते ब्युरो इतर दोघांना कळवतं, एक वर्ष टिकतो. पण अलर्टमध्ये बँकेने तुला विचारावं एवढीच अपेक्षा असते. फ्रीझमध्ये तुझी फाइलच नव्या कर्जदात्याला मिळत नाही. मी फ्रीझच म्हणेन.

लायसन्सचं: बदली प्रत ११ डॉलरला मिळते, पण पोस्टाने घरच्या पत्त्यावर येते. ताई, तुझं घर रिकामं आहे ना? पेटीत दिवसेंदिवस पडून राहिलेलं लायसन्सचं पाकीट म्हणजे दुसऱ्या चोराला आमंत्रण. एक तर परत आल्यावर मागव, नाहीतर शेजारी कोणाला सांगून मागव.

---

प्रेषक: माई (मुलुंड)

भाऊ, तिकडच्या पोस्टाला सांगून टपाल थांबवता येतं. मी दर वेळी तेच करते, किमान ३ दिवस आणि जास्तीत जास्त ३० दिवस. ताईचा मुक्काम त्यापेक्षा लांबला तर शेजारीच बरे.

बाकी बंडूच्या मेव्हण्याचं काम झालं हे वाचून वाईट वाटलं. काम झालं, पण त्यानंतर त्याने नंबर बदलून घेतला का? बंडू, त्याला आज फोन कर.

---

प्रेषक: बंडू (ठाणे)

माई, बोललो. नाही घेतलेला. शनिवारी केंद्रात जातोय. अप्पा, मुद्दा कळला. पण एक राहिलं. ताईचे ठसे जुळले नाहीत तर? माझ्या आईचे दोनदा जुळले नव्हते, वयाने बोटं झिजतात. तेव्हा काय करायचं ते कोणी सांगत नाही, म्हणून लोक ओटीपी मागायच्या मार्गाला जातात.

---

प्रेषक: अप्पा (पार्ले)

बंडू, हा प्रश्न बरोबर आहे आणि ताईने नीट वाचावा. दहाही बोटं वापरता येतात, डोळ्याची बुबुळंही. केंद्रातल्या माणसाला सांग की बुबुळांनी पाहा. हात कोरडे असतील तर पाण्याने धुवून जा. घाईघाईत पहिल्याच बोटावर 'जुळत नाही' म्हणून परत पाठवतात, तिथे अडून बसायचं. ताई तरुण आहे, तिला अडचण यायचं कारण नाही.

---

प्रेषक: वहिनी (पिस्कॅटवे)

मी वकील आहे हे यादीवर बहुतेकांना माहीत आहे, म्हणून हरवलं की चोरीला गेलं याबद्दल दोन शब्द.

ताई, तू पाहिलेलं नाहीस, तर 'चोरी' असं ठासून लिहून घेऊ नकोस. जे झालं तेच लिही: पर्सची चेन उघडी, पाकीट नाही. गहाळ नोंद म्हणजे पोलिसांनी दखल घेतल्याचा कागद, तपास नव्हे. तो दुय्यम लायसन्ससाठी पुरतो. पण पर्स कापलेली असेल किंवा कार्डावर कोणी व्यवहार केला असेल, तर ती चोरी आहे आणि तसं लिहून मागायचा तुला हक्क आहे. १ जुलै २०२४ पासून नवा कायदा आहे, कोणत्याही ठाण्यात हद्दीचा प्रश्न न आणता तक्रार नोंदवता येते. ऑनलाइन दिलीस तर ३ दिवसांत जाऊन सही करायची. ५,००० रुपयांखालची चोरी अदखलपात्र धरतात, त्यामुळे हातात एनसी (अदखलपात्र गुन्ह्याची नोंद) पडेल. लोकलमधलं काम लोहमार्ग पोलिसांचं, हेल्पलाइन १५१२.

जर्सीसाठी यापैकी कशावरच अडून राहू नकोस. आयडेंटिटीथेफ्ट डॉट गव्ह ही फेडरल ट्रेड कमिशनची साइट आहे, पण तिथली तक्रार ओळखचोरी झाल्यावरच करायची. आज तुझं फक्त कार्ड गेलंय, तुझ्या नावाने कोणी काही केलेलं नाही. उगाच 'माझी ओळख चोरली' म्हणून शपथेवर लिहायचं नसतं.

---

प्रेषक: भाऊ (एडिसन)

वहिनींशी बहुतांशी सहमत, पण जर्सीच्या लायसन्सचा नंबर ही एक वेगळी डोकेदुखी आहे. आपल्याकडे तो आडनावाचं पहिलं अक्षर, नाव आणि जन्ममहिना-साल यांवरून बनतो. म्हणून नवीन प्रत काढली तरी नंबर तोच. चोराच्या हातातलं कार्ड रद्द झालं तरी नंबर खराच राहतो. त्यामुळे फ्रीझला पर्याय नाही. आणि टॅक्स भरताना आयआरएसचा, म्हणजे अमेरिकेच्या करखात्याचा, सहा आकडी आयपी पिन घे. तो नसेल तर तुझ्या नावाने दुसऱ्याने रिटर्न भरला तरी पुढे जातो. २०२१ पासून तो कोणालाही मिळतो.

---

प्रेषक: माई (मुलुंड)

भाऊंनी लायसन्सच्या नंबराचं लिहिलं म्हणून आठवलं. गेल्या वर्षी ज्येष्ठांच्या सहलीला भाड्याची गाडी घेतली, तेव्हा चालवणाऱ्या सगळ्यांच्या लायसन्सच्या दोन्ही बाजूंचे फोटो मंडळाने मागवले होते. ते कुठे आहेत? मीही पाठवले होते.

---

प्रेषक: खजिनदार

माई, ते मंडळाच्या फोल्डरमध्ये आहेत आणि फक्त कार्यकारिणीला दिसतात. या धाग्यात मंडळाच्या कारभाराचा विषय काढायची गरज नव्हती, त्यासाठी मासिक बैठक आहे. विम्यासाठी ते फोटो लागले होते, कार्यकारिणीने ठरवूनच घेतले.

---

प्रेषक: वहिनी (पिस्कॅटवे)

विम्यासाठी लागले हे मान्य. सहल संपली, गाडी परत केली, आता का लागतात? कार्यकारिणी दर वर्षी बदलते, पण जुन्या सभासदांचा प्रवेश काढला जातो का? मी अध्यक्ष होते तेव्हाचा माझा पासवर्ड अजून चालतो, आत्ता पाहिला. कोणावर संशय नाही, पण माईंचा जन्मदिनांक आणि घरचा पत्ता मला आज दिसायचं कारण नाही.

---

प्रेषक: खजिनदार

ठीक आहे. आज रात्री जुने प्रवेश बंद करतो आणि सहलीचे फोटो काढून टाकतो. पुढच्या सहलीला काय करायचं हे मात्र बैठकीत ठरेल, यादीवर नाही.

---

प्रेषक: माई (मुलुंड)

ठरेल ते ठरो, मला फक्त काढल्याचं कळवा. आणि फोटोऐवजी कोणी प्रत्यक्ष लायसन्स पाहून 'पाहिलं' अशी नोंद केली तरी चालतं का, हे विमा कंपनीला विचारा. माझ्या मुलाच्या शाळेच्या बसच्या कामात तसंच चाललं होतं.

---

प्रेषक: बंडू (ठाणे)

ताई, पॅनचं कोणी सांगितलं नाही. पोलीस नोंद लागत नाही, भारतातल्या पत्त्यावर पुनर्मुद्रण ५० रुपयांत येतं. नंबर तोच. त्यापेक्षा महत्त्वाचं म्हणजे पॅनवर कोणी कर्ज काढलंय का ते बघ. सिबिलसकट चारही ब्युरोंचा वर्षातून एक अहवाल फुकट मिळतो, २०१७ पासून. दर तीन महिन्यांनी एकेका ब्युरोचा बघ, म्हणजे वर्षभर नजर राहते. दूरसंचार विभागाच्या संचारसाथी साइटवर तुझ्या नावाने किती सिम आहेत तेही दिसतं. नाशिकचा नंबर तिथे तुझ्या नावाने दिसता कामा नये. काही भलतंच दिसलं तर १९३० ही सायबर हेल्पलाइन.

---

प्रेषक: ताई (परळ)

सगळ्यांचे आभार, पण आभारांचा मेल नाही हा. केंद्रातून आले. डाव्या हाताचे ठसे जुळले, नंबर जोडायचा अर्ज झाला, बदल दिसायला थोडे दिवस लागतील म्हणाले. तिन्ही फ्रीझ लागले. एका ब्युरोचं पान इथून उघडत नव्हतं, म्हणून फोनवर केलं, खूप वेळ धरून ठेवलं पण झालं. नाशिकच्या गृहस्थांना फोन करून एवढंच सांगितलं की माझ्या नावाने कुठलाही ओटीपी आला तर तो कोणालाही देऊ नका, मलाही नाही. ते म्हणाले, बँकांचे संदेश आजवर येतच होते, ते पुसून टाकत होते.

बँकांचे! कोणत्या ते मला शोधायचंय. म्हणजे माझं एखादं खातं अजून त्या नंबरवर आहे. अप्पा, हे आधी शोधावं का, की सारथीचं? आणि कार्डावर काही व्यवहार झालेला नाही, त्यामुळे चोरी लिहून मागत नाही.

---

प्रेषक: अप्पा (पार्ले)

बँक आधी, ताई. ज्या ज्या बँकेत तुझं किंवा बाबांसोबत संयुक्त खातं आहे, तिथे पासबुक आणि पासपोर्ट घेऊन जा, मोबाइल बदलायचा अर्ज काउंटरवर दे आणि शिक्का मारलेली पोचपावती घे. अनिवासी खातं असेल तर त्याचा अर्ज वेगळा असतो, ते आधी विचार. आजवर त्या नंबरवरून काही व्यवहार झालेत का तेही तिथेच तपासायला सांग. काही निघालं तर त्याच जागी लेखी तक्रार दे, वेळ घालवू नकोस. बँकेची चूक नसेल आणि तुझीही नसेल, तर संदेश मिळाल्यापासून ३ कामाच्या दिवसांत कळवलं की नुकसान तुझ्यावर येत नाही, असा रिझर्व्ह बँकेचा २०१७ चा नियम आहे. तुला संदेश मिळतच नव्हते, तेव्हा तारखांवरून वाद होईल. त्या अर्जाची भाषा वहिनींना दाखव.

बाबांच्या बँकेत मी सोबत येतो, सोमवारी दहाला परळ स्टेशनजवळ भेटू. बाबांचा नंबरही बघून घेऊ.