सुपर ज्युनिअर या कोरियन बॉय बँडचे जुने फॅन, या इकडे!

बीटीएसबद्दल बोलायला ढीगभर लोक आहेत, हे आपल्या म्हाताऱ्या एल्फ (म्हणजे सुपर ज्युनिअरचे फॅन) लोकांसाठी. ६ नोव्हेंबर २००५ ला आलेला ग्रुप, वीस वर्षं उलटली तरी मी आपली तिथेच. तुम्ही कसे लागलात, कसे टिकलात, लिहा बरं.

माझं २००९. हॉस्टेल, रूममेटचा लॅपटॉप, त्यांचं 'सॉरी सॉरी' गाणं आणि दर दहा सेकंदाला बफरिंग. ती हात चोळायची स्टेप मी तुकड्यातुकड्यात शिकले, अजून तशीच अडखळत करते.

*

माझी तर उमेदीची वर्षं या पोरांच्या सक्तीच्या मिलिटरीत गेली :) २०१० मधे कांगइन गेला तिथून जी रांग लागली ती क्यूह्यून मे २०१९ ला सुटला तेव्हा संपली, तेवढ्यात माझं शिक्षण झालं, नोकरी लागली, लग्न झालं, मुलगी झाली. कपाटाच्या दाराला आतून कागद चिकटवलेला, कोण कधी येणार त्याचा, आला की पेनाने काट मारायची. नवऱ्याला वर्षभर वाटत होतं दुधाचा हिशोब आहे. मग ऑक्टोबरमधे 'टाइम स्लिप' अल्बम आला. ग्रुपात तेरा होते त्यातले नऊच उरलेत हे माहीत होतं, तरी मोजले.

*

खरं सांगतो, मी मधे सोडलं होतं. २००९ च्या शेवटी ग्रुपमधला हानग्यंग कंपनीविरुद्ध कोर्टात गेला, दोन्ही बाजू वाचून डोकं फिरलं, आणि मुलगा असून हे काय ऐकतोस म्हणून मित्र पिडायचे ते वेगळंच. लॉकडाऊनमधे 'नोइंग ब्रदर्स' हा कोरियन टीव्ही शो लावला, त्यात आपला हीचुल तोच, तसाच आगाऊ. गेलो परत.

*

कपाटवाल्या ताई, माझ्याकडे एक्सेल होती!

आमच्याकडे आईच फॅन झालीय. जुलै २०२५ ला विसाव्या वर्षाचा अल्बम आला, कोरियात संध्याकाळचे सहा म्हणजे आपल्याकडे अडीच, मी मीटिंगमधे कॅमेरा बंद करून बघतेय आणि मागून आई, "तो थोरला कुठाय?" थोरला म्हणजे लीतुक, हीचुलपेक्षा नऊच दिवसांनी मोठा पण मान त्याचाच. सुंगमिनचं लग्न २०१४ ला झालं, र्योउकचं २०२४ ला. तेव्हापासून आईचं एकच, थोरल्याच्या आधी धाकट्यांची उरकली, याच्या घरचे करतायत काय?