देणगीचा आकडा मोठा, म्हणून सन्मान द्यायचा का?

कोरा कागद (धागाकर्ता):
उद्योगपतींना दानधर्मासाठी, लोकसेवेसाठी गौरवलं जातं तेव्हा मानपत्रात देणगीचा आकडा ठळक असतो. तो पैसा उभा कसा राहिला, यावर एक ओळही नसते. माझं मत स्पष्ट आहे. ती बाजू तपासल्याशिवाय सन्मान देऊच नये.

सॅकलर कुटुंबाचं उदाहरण घ्या. त्यांच्या पर्ड्यू फार्मा या औषध कंपनीच्या पर्ड्यू फ्रेडरिक या सहकंपनीने २००७ मध्ये न्यायालयात गुन्हा कबूल केला होता. ऑक्सिकॉन्टिन या वेदनाशामकाचं व्यसन लागण्याच्या धोक्याबद्दल कंपनीने दिशाभूल केली होती. तरीही पॅरिसच्या लूव्हर संग्रहालयाने देणगीदार म्हणून लावलेलं सॅकलर हे नाव हटवलं ते २०१९ मध्ये, आणि न्यूयॉर्कच्या मेट संग्रहालयाने २०२१ मध्ये. मधल्या काळात कितीतरी घरं त्या व्यसनापायी उद्ध्वस्त झाली. गाय मारून जोडा दान करणाऱ्याचं नाव आपण भिंतीवर का कोरतो?

पाऊलवाट:
उदाहरण देताना सरसकट बोलू नका. त्याच कुटुंबातले आर्थर सॅकलर १९८७ मध्येच वारले आणि ऑक्सिकॉन्टिन बाजारात आलं १९९६ मध्ये. आडनाव एक म्हणून दोषही एकच, असं होत नाही.

आता मूळ मुद्दा. पैशाचा उगम शोधायला बसलात तर नोबेल पुरस्कारही बंद करावे लागतील. आल्फ्रेड नोबेलची ती संपत्ती डायनामाइट आणि इतर स्फोटकांच्या धंद्यातून आली. त्याच्या १८९५ च्या मृत्युपत्राने तिचं जे केलं, त्याचा फायदा जग १९०१ पासून घेतंय. ज्याला उपचार मिळाले, ज्याची फी भरली गेली, त्याच्या दृष्टीने तो पैसा खरा आहे. जाहीर कौतुक झालं की दुसऱ्या धनिकालाही द्यावंसं वाटतं. ही ईर्षा समाजाच्या कामाची आहे, ती मारू नका.

उंबरठा:
ज्याला द्यायचंय तो कौतुकाशिवायही देतो. अमेरिकन उद्योजक चक फीनी यांनी विमानतळांवरच्या करमुक्त म्हणजे ड्यूटी फ्री दुकानांच्या धंद्यातला आपला हिस्सा १९८४ मध्ये गुपचूप स्वतःच्या दानसंस्थेकडे वळवला. आयुष्यात सुमारे ८ अब्ज डॉलर वाटले. त्यांच्या पैशातून उभ्या राहिलेल्या इमारतींवर त्यांचं नाव नाही.

पाऊलवाट:
पण त्यांचं नाव १९९७ मध्ये उघड झालं, आणि वॉरन बफे यांच्यासारख्यांनी त्यांना आदर्श मानलं ते त्यानंतरच. गुप्तच राहिले असते तर हा आदर्श कुणाला दिसला असता? आयर्लंडच्या विद्यापीठांनी २०१२ मध्ये त्यांना एकत्रितपणे मानद डॉक्टरेट दिली आणि त्यांनी ती स्वीकारली. त्याने त्यांचं मोठेपण तसूभरही कमी झालं नाही.

दिवेलागण:
मी देणग्यांवर चालणाऱ्या एका संस्थेत हिशेब सांभाळते. इथे जे बोललं जात नाहीये ते सांगते. इमारतीला पैसे मिळतात, यंत्राला मिळतात, कारण तिथे पाटी लावता येते. परिचारिकेचा पगार, वीजबिल, गळणारं छप्पर यांना 'प्रशासकीय खर्च' म्हणतात आणि अर्ज मंजूर होताना कात्री पहिल्यांदा तिथेच लागते. उद्घाटनाला सगळे येतात. तीन वर्षांनी यंत्र दुरुस्तीवाचून पडून असतं, तेव्हा फोन उचलायला कुणी नसतं.

अमेरिकेतला पोलादसम्राट अँड्र्यू कार्नेगी याच्याबद्दल बरंच वाईट बोलता येईल. पण त्याला ही गोष्ट कळत होती. ग्रंथालयासाठी पैसे देताना त्याची सर्वसाधारण अट अशी होती: जागा गावाने द्यायची आणि देणगीच्या १० टक्के रक्कम दरवर्षी चालू खर्चासाठी गावानेच उभी करायची. अशी अडीच हजारांहून जास्त ग्रंथालयं झाली. उलट टोकाला अमेरिकन अब्जाधीश देणगीदार मॅकेन्झी स्कॉट आहेत. त्या संस्थांना बिनशर्त पैसे देतात, पगाराला वापरा नाहीतर भाड्याला. सन्मान द्यायचाच असेल तर अशा समजुतीला द्या.

कोरा कागद:
कार्नेगीचं नाव घेतलंत म्हणून होमस्टेड गावातलं प्रकरणही सांगतो. १८९२ मध्ये त्याच्या पोलाद कारखान्यात संप मोडायला बंदूकधारी रक्षक आणले गेले, दोन्ही बाजूंची माणसं मेली. त्यानंतर तिथल्या कामगारांची मजुरी उतरली आणि बारा तासांची पाळी चालू राहिली. बारा तास भट्टीपुढे उभा राहिलेला माणूस ग्रंथालयात कधी जाणार? त्याला वाढीव मजुरी हवी होती, तो त्याचा हक्क होता. मालकाने तो पैसा अडवून पुढे दान म्हणून दिला, तर गौरव मालकाचाच का? कष्ट कुणाचे होते?

पाऊलवाट:
मजुरीचा प्रश्न कायद्याने आणि संघटनेने सोडवायचा. पुरस्कार समितीकडे ते काम कसं देणार?

कोरा कागद:
सोडवायला सांगतच नाहीये. विचारायला सांगतोय. उमेदवाराच्या कारखान्यात मजुरी थकली आहे का, सांडपाणी कुठे जातं, करचुकवेगिरीचे खटले आहेत का, एवढं तपासायला समितीला कुणी अडवलेलं नाही. आणि दिवेलागण म्हणतात तेही त्यात घाला. देणगी दिल्यावर लगेच नको, पाच वर्षांनी जाऊन बघा. रुग्णालयात किती खाटा चालू आहेत, पगार वेळेवर होतात का, ते तिथल्या लोकांना विचारून मग मानपत्र लिहा.

दिवेलागण:
पाच वर्षांच्या मुद्द्याला माझा पाठिंबा. फक्त विचारताना देणगीदाराचा माणूस बाजूला उभा नको. तो असेल तर पुढच्या हप्त्याच्या भीतीने आमच्यातलं कुणीच खरं बोलणार नाही.