खोडकर हंस : हे कोडं आहे की नुसत्या खोड्या?

कोडेवेडा (धागाकर्ता)
परवा आमच्या गेमिंगच्या ग्रुपवर एकाने ठणकावून सांगितलं की 'अनटायटल्ड गूज गेम'ला कोड्यांचा गेम म्हणणं म्हणजे कोडी सोडवणाऱ्यांचा अपमान आहे. मला हे अजिबात पटलेलं नाही, म्हणून हा धागा.

ज्यांनी खेळला नसेल त्यांच्यासाठी: मेलबर्नच्या 'हाउस हाउस' या चार जणांच्या चमूने केलेला हा गेम सप्टेंबर २०१९ मध्ये आला. एक टुमदार इंग्रजी खेडं आणि त्यात तुम्ही हंस. चालणं, मान खाली घालणं, चोचीत वस्तू धरणं, पंख फडफडवणं आणि कर्कश ओरडणं, एवढीच तुमची आयुधं. सोबत कामांची यादी असते: माळ्याला भिजवा, त्याच्या चाव्या पळवा, मुलाला टेलिफोन बूथमध्ये कोंडा. कुणी कुणाशी अवाक्षर बोलत नाही.

माझं म्हणणं असं की यातला विनोद आणि यातलं कोडं वेगळं काढताच येत नाही. दोन शेजाऱ्यांच्या बागांचा भाग घ्या. एकीकडे टापटिपीची बाई, दुसरीकडे चहा पीत पेपर वाचणारा गृहस्थ. यादीत लिहिलंय, ती भारीतली फुलदाणी कुणाकडून तरी फोडून घ्या. म्हणजे ती फुटायला हवी, पण दुसऱ्याच्या हातून. थोडा वेळ नुसतं बघत बसलं की कळतं, आपल्या अंगणात शेजारची वस्तू दिसली की हा गृहस्थ ती उचलून कुंपणावरून पलीकडे भिरकावतो. मग फुलदाणी ओढत त्याच्या अंगणात नेऊन ठेवायची आणि बाजूला व्हायचं. पुढचं तो करतो. फुलदाणी फुटल्याचं हसू येतंच, पण त्याहून जास्त हसू येतं ते आपण त्या माणसाला बरोबर ओळखल्याचं. स्वभाव ओळखणं हेच इथलं कोडं आहे.

पेन्सिलरबर
गेम मलाही आवडला. पण कोडं म्हणजे काय, याबद्दल इतकं सैल राहू नये.

त्याच वर्षी मार्चमध्ये फिनलंडच्या आर्वी तेइकारीचा 'बाबा इज यू' आला. त्यात खेळाचे नियमच शब्दांच्या ठोकळ्यांनी मांडलेले असतात आणि ते ठोकळे ढकलून नियम बदलायचे. सगळं पटावर उघडं असतं. कंट्रोलर बाजूला ठेवून, रात्री अंथरुणात पडल्या पडल्यासुद्धा उत्तर सापडू शकतं. हंसाच्या गेममध्ये असं एक तरी काम दाखवा. चाव्या पळवा, म्हणजे काय करायचं? चोचीत धरायच्या आणि पळत सुटायचं. माळी मागे लागला तर तळ्यात उडी. यात चपळाई आहे, टायमिंग आहे, भरपूर गंमत आहे. तर्क कुठे आहे? आणि काय करायचं ते तर यादीच सांगून टाकते.

कोडेवेडा
यादी काय करायचं ते सांगते, कसं करायचं ते कधीच सांगत नाही.

बाजाराच्या रस्त्यावरचं एक काम बघा: कुणाला तरी स्वतःचीच वस्तू विकत घ्यायला लावा. पहिल्यांदा वाचलं तेव्हा हे शक्यच नाही असं वाटलं होतं. मुलाकडे खेळण्यातलं विमान आहे. शेजारीच दुकान आहे. दुकानदारीण आपल्या मांडणीवर असलेली प्रत्येक वस्तू विकाऊ समजते आणि मुलगा आपलं विमान दिसलं की ते परत घ्यायला जातो. विमान पळवून मांडणीवर ठेवलं की दोन नियम एकमेकांवर आदळतात आणि बिचाऱ्याला स्वतःच्या विमानाचे पैसे मोजावे लागतात. 'बाबा'मध्येही दोन नियमांची गाठ घालूनच वाट काढायची असते. हे मला अंथरुणात पडल्या पडल्याच सुचलं होतं, म्हणून तुमची अटही पूर्ण होते.

पेन्सिलरबर
विमानाचं उदाहरण चांगलं आहे, मान्य. पण अशी किती? बाकीची बरीचशी कामं वस्तू उचलून अमुक ठिकाणी ठेवण्याची आहेत: सहलीचं सामान गोळा करा, खरेदी करा, धुणं धुवा. गेम ज्यावर चालतो ती ही कामं, आणि निकाल लावायचा तर त्यांच्यावरून लावा.

ओवीची आई
तुमचा वाद वेगळा आहे, पण माझी हरकत याच रस्त्याबद्दल आहे.

आम्ही हा गेम घरी खेळलो. माळ्याच्या खोड्यांना माझी लेक खळखळून हसली. मुलाशी गाठ पडली तेव्हा तिने कंट्रोलर माझ्या हातात दिला. तो मुलगा चष्मा लावतो आणि हंसाला घाबरतो. तुम्ही त्याच्या बुटांच्या नाड्या सोडायच्या, ओरडून त्याला पळायला लावायचं, तो पडला की चष्मा उचलायचा आणि त्याजागी दुसराच ठेवायचा. चाचपडत तो भलताच चष्मा घालतो आणि आपण हसायचं. चष्मा लावणाऱ्या कुठल्याही मुलाला विचारा, शाळेत त्याच्याशी हे कुणी ना कुणी केलेलं असतं. माळी मोठा आहे, तो हंसाला हाकलू शकतो. हे पोर कुणाला हाकलणार? दुबळ्याची टिंगल केली की विनोद तिथेच संपतो, कोडं कितीही हुशारीचं असो.

सातवा मजला
ओवीची आई, हरकत कळली. पण रचना म्हणून बघितलं तर त्या मुलामुळेच तो भाग वेगळा होतो. दुकानदारीण झाडू घेऊन मागे लागते, माळी हुसकावतो, त्यांच्यापासून आपल्याला पळावं लागतं. या एकाला आपण पळवू शकतो. त्याला बूथमध्ये कोंडायचं ते हाच फरक ओळखून.

ओवीची आई
रचना उत्तम आहे, म्हणूनच जास्त खुपतं. भित्र्या मुलाची भीती हे तिथं हत्यार केलंय आणि ते नेमकं कसं वापरायचं हे गेम शिकवतो.

मेलबर्नकर
मी इथेच राहतो, त्यामुळे या गेमबद्दल जिव्हाळा आहे. कुणी संगीताचा विषय काढला नाही याचं नवल वाटलं.

२०१७ मध्ये पहिली झलक आली तेव्हा तिच्यात फ्रेंच संगीतकार क्लोद देब्युसीच्या प्रिल्यूड्सपैकी, म्हणजे पियानोच्या छोट्या रचनांपैकी, 'मिन्स्ट्रेल्स' ही रचना होती. लोकांना वाटलं, हंस जे करतो त्याप्रमाणे संगीत बदलतंय. तसं काही नव्हतं, नुसतं जुळवून संपादन केलेलं होतं. पण लोकांना इतकं आवडलं की गेमचे संगीतकार डॅन गोल्डिंग यांनी ते खरंच घडवून आणलं. रचनांचे सुमारे ४०० छोटे तुकडे केले आणि प्रत्येक तुकडा दोन प्रकारे वाजवला, एकदा संथ आणि एकदा जोशात. तुम्ही दबा धरून बसलात की पियानो गप्प राहतो किंवा एखादा स्वर टाकतो. माळी मागे लागला की तोच पियानो उसळतो.

आता याचा तुमच्या वादाशी संबंध. कुणाचं आपल्याकडे लक्ष गेलंय हे डोळ्यांनी कळायच्या आधी बऱ्याचदा कानांना कळतं. आवाज थांबला की अजून धोका नाही, हे शिकायला कुणी सांगावं लागत नाही. हसवणारं संगीतच खूण देतं. म्हणून मी कोडेवेडांच्या बाजूने.

आणि २०२० मध्ये या गेमला डाइस आणि गेम डेव्हलपर्स चॉइस या गेम-उद्योगातल्या पुरस्कारांमध्ये, दोन्हीकडे वर्षातला सर्वोत्तम गेम म्हणून निवडलं गेलं. मोठमोठ्या कंपन्यांचे गेम समोर असताना!

पेन्सिलरबर
अभिनंदन त्यांचं मनापासून. पण सर्वोत्तम गेम ठरला म्हणून तो कोड्यांचा गेम ठरत नाही. संगीताचं तुमचं निरीक्षण सुरेख आहे, मात्र मागे कुणी लागलंय हे कळवणं म्हणजे धोक्याचा इशारा झाला, कोड्याची खूण नव्हे. लपाछपीच्या प्रत्येक गेममध्ये तो असतो.

वसंतकाका
तीन-चार तासांत संपतो. एवढ्यासाठी पैसे घालवू नयेत.

सातवा मजला
काका, यादी संपल्यावर दुसरी यादी उघडते, ती केलीत का? त्यात तीच ठिकाणं चर्चच्या घंटा वाजायच्या आत उरकायची कामं आहेत. तिथं प्रत्येकाचा दिनक्रम पाठ नसेल तर निभाव लागत नाही. शिवाय सप्टेंबर २०२० मध्ये दोन हंसांनी मिळून खेळायची सोय आली, तीही फुकट.

पेन्सिलरबर
दोन हंसांचा विषय निघाला हे बरं झालं, माझा मुद्दा त्यातच आहे. एकाने ओरडून लक्ष वेधायचं, दुसऱ्याने वस्तू उचलायची. कोडेवेडांनी सांगितलेलं स्वभाव ओळखणं वगैरे निम्म्या ठिकाणी लागतच नाही. खऱ्या कोड्यात दोन डोकी आली म्हणून कुलूप सैल होत नाही. मजा मात्र दुप्पट होते, म्हणजे मजेला कोड्याची गरज नव्हती.

कोडेवेडा
दोघं मिळून फुलदाणी फोडून दाखवा. एक ओरडो की दहा ओरडोत, तो गृहस्थ जोवर स्वतः ती उचलून फेकत नाही तोवर काम होत नाही. विमानाचंही तेच. माळ्याला उन्हाची टोपी घालायला लावायचं तर तो वाकण्याची वाट बघून आधी डोक्यावरची टोपी पळवावी लागते. एरवी तो दुसरीला हात का लावेल? दुसऱ्या हंसाने धावपळ वाचते, विचार वाचत नाही. सामान गोळा करण्याची कामं सोपी आहेत हे कबूल, पण ती करताना आपण गाव फिरतो आणि माणसं निरखतो. अवघड कामांची तयारी तिथेच होते.

ओवीची आई, तुमच्या प्रश्नावर माझ्याकडे पटणारं उत्तर नाही. चष्म्याचं काम हुशारीचं आहे आणि तरी ते मला परत करावंसं वाटत नाही.

ओवीची आई
आम्ही ते केलंच नाही. प्रत्येक काम करायलाच हवं असं नसतं, बहुतेक झाली की पुढचं उघडतं. लेकीने ते सोडायचं ठरवलं आणि आम्ही बागांकडे गेलो. तो गृहस्थ फुलदाणी भिरकावतो हे तिनेच माझ्या आधी ओळखलं.

पेन्सिलरबर
म्हणजे कोडं न सोडवताही पुढे जाता येतं. आता कोडेवेडांनी यावर बोलावं.